गाडी कलंडली नव्हती

कार्तिक वद्य पंचमी. महाराष्ट्राचं राज्य झालं त्याच्या पुढच्या वर्षाची गोष्ट. मोताळ्याजवळचं आमचं गाव, आमच्या घराची ओसरी. हजर माणसं: सासूबाई. माझे यजमान. जळगाव जामोदहून आलेले धाकटे दीर आणि जाऊ. भटजी. बुलढाण्याचा माझा भाऊ. दाराबाहेर बैल धरून उभा असलेला आमचा सालदार सखाराम. मी. आणि माझ्या डाव्या खांद्यावर वसंता, नुकताच पावलं टाकायला लागलेला.

यांच्यापैकी कोणालाही मी हे सांगितलेलं नाही. नंतरही नाही — नवऱ्याला नाही, भावाला नाही, देवापुढे एकटी बसले तेव्हाही नाही. तुम्हाला सांगते आहे, कारण तुम्ही त्या ओसरीवर नव्हता.

आधी माझ्याबद्दल थोडं. गावात लग्न असो की तेरवी, पहिला निरोप मला येतो. डाळ किती भिजवायची, स्वयंपाकाचे मोठे गंज कोणाकडून आणायचे, पंगतीला कोण वाढेल — मी सांगते आणि तसं होतं. माझ्या स्वयंपाकघराच्या दाराच्या आतल्या बाजूला खडूने कामं लिहिलेली असतात. झालं की पुसते. अडलेल्या कामाला वाट काढणं मला जमतं. बढाई म्हणून नाही सांगत — हेच पुढे माझ्या अंगाशी येणार आहे.

दुसरी गोष्ट सगळ्यांना दिसते. माझा डावा हात खांद्याच्या वर जात नाही. वेणी घालता येत नाही, डोक्यावर घागर धरता येत नाही, शिंक्याला हात पोचत नाही. दुखतं — रोज, आतून, कोणी दोरी पिळावी तसं. का? तर गाडी कलंडली म्हणून. मोताळ्याहून परत येताना सखारामने नाल्यात दमणी, आमची छोटी बैलगाडी, कलंडवली आणि बाई खांद्यावर पडली. गावातल्या लहान पोरालाही हे माहीत आहे. त्या जागेला लोक आता कलंडीचा नाला म्हणतात.

तर ऐका. जाऊबाईंना मूल होत नव्हतं. मला एक मुलगा होता, एक मुलगी, आणि वर वसंता. सासूबाईंनी ठरवलं, वसंता धाकट्याच्या ओटीत घालायचा. घरातल्या घरात तर राहतो, त्यात काय? मला विचारलं नव्हतं असं नाही. विचारलं होतं — चुलीपाशी, भाकरी थापताना. मी हो म्हणाले. नाही कसं म्हणतात, ते मला ठाऊक नव्हतं.

सासूबाईंनी एकच गोष्ट बजावून सांगितली होती. "हासून दे वं. डोयात पानी आलं तं लेकराले हाय लागते." देणाऱ्या आईच्या डोळ्यांतलं पाणी मुलाच्या मागे जातं आणि त्याचं वाईट करतं — आमच्याकडे असं मानतात. मी मानत होते का? आजही ठरवता येत नाही. पण कोणती आई ते करून बघेल?

मी हसून दिला. नुसता दिला नाही, सगळी व्यवस्थाही केली. टोपडी, घुटीचं गाठोडं, त्याची वाकळ — त्या वाकळीशिवाय तो झोपत नाही हे जाऊबाईंना नीट समजावून सांगितलं. आणि निघायची वेळ मीच ठरवली: त्याच्या झोपेची. त्यांना पोचवायला गेले तेव्हा मोताळ्याच्या मोटार स्टँडवर तो माझ्या डाव्या खांद्यावर गाढ झोपला होता. मान न हलवता, श्वास न मोडता मी त्याला जाऊबाईंच्या खांद्यावर ठेवलं. तो जागा झाला नाही. जागा झाला असता तर माझ्याकडे झेपावला असता. ते होऊ नये, हेच तर मी जमवलं होतं!

परत येताना दमणीत मी आणि सखाराम, दोघंच.

सखाराम कसा होता? बडबड्या. तंबाखूचा बार भरलेला असला तरी बोलणं थांबायचं नाही. बैलांशी भांडायचा, बैलांच्या ढेपेवरून माझ्याशीही भांडायचा. त्या दिवशी मात्र अर्ध्या वाटेपर्यंत गप्प होता. नाल्यापाशी त्याने आपणहून गाडी थांबवली, बैल सोडले आणि माझ्याकडे न बघता म्हणाला, "बाई, रडून घ्या इथंच. गावात नाई जमनार." आणि बैलांना पाण्यावर घेऊन गेला. पाठ करून उभा राहिला. बराच वेळ.

मी रडले नाही. नाल्याच्या काठावर बसले. डावा हात कोपरात वाकवून छातीशी धरला होता — जणू तो अजून तिथेच झोपला आहे आणि मी हलले तर उठेल. उन्हं उतरली. सखाराम आला, म्हणाला, चला. मी उठले, आणि हात सरळ होईना. खरंच होईना. खांद्यातून अशी कळ आली की मी तोंडात पदर कोंबला. सखारामने ते पाहिलं.

घरी पोचलो तेव्हा सासूबाई ओसरीवर होत्या. "हात काऊन असा धरला वं?"

काय सांगायचं होतं मी? न पडता, न लागता हात दुखतो म्हटलं तर आमच्याकडे दोनच अर्थ होतात: सोंग, नाहीतर बाहेरचं. आणि तिसरा, खरा अर्थ — तो लेकराची हाय. पडलेल्या माणसाला मात्र कोणी काही विचारत नाही. त्याला हळद लावतात.

"गाडी कलंडली," मी म्हणाले.

सखाराम जू उतरवत होता. त्याचा हात थांबला. माझ्याकडे बघितलं — पटकन, एकदाच — आणि सासूबाईंना म्हणाला, "हाव, आजी. नाल्यात. बैल बुजाडले, माही नदर चुकली."

"डोये फुटले होते काय तुहे?"

"फुटले नाई, आजी. तुमच्या घरची ज्वारी खाऊन मंद झाले."

सासूबाई हसल्या. मीसुद्धा हसले. एका संध्याकाळपुरता त्याने माझं खोटं आपल्या अंगावर घेतलं होतं. एका संध्याकाळपुरता.

पण हात बरा होईना. हाडवैद्य झाला, आंबेहळद झाली, बिब्ब्याचे डाग झाले — ते अजून आहेत. प्रत्येकाने विचारलं, कसं लागलं? प्रत्येकाला मी गाडी सांगितली. आणि सांगता सांगता ती वाढवत गेले. कोणतं चाक दगडावर चढलं, कोणता बैल आधी बसला. गोष्ट नीट मांडायची मला सवयच आहे. बुलढाण्याच्या डॉक्टरांनी फोटो काढला, उजेडापुढे धरला आणि म्हणाले, हाड शाबूत आहे. पडल्याची खूण दिसत नाही. त्यांनी हळूच विचारलंही — त्या दिवशी दुसरं काही घडलं होतं का? यजमान बाजूला बसलेले. मी म्हणाले, नाही.

दुखणं खरं होतं. हे तुम्ही मानाल की नाही, माहीत नाही. जाऊबाई वसंताला घेऊन दिवाळीला यायच्या, त्याच्या आठवडाभर आधीपासून खांदा पेटायचा. शेजारणीचं झोपलेलं मूल कोणी डाव्या बाजूला दिलं की मुंग्या थेट बोटांपर्यंत जायच्या. डोळ्यांना मनाई होती. खांद्याला कोणी मनाई केली नव्हती.

पण मला दुखण्याबद्दल सांगायचं नाही. कधीची त्याच्याभोवती फिरते आहे.

सालदार म्हणजे वर्षाच्या बोलीवर ठेवलेला गडी. आमच्याकडे साल आखाजीला, अक्षय्य तृतीयेला, संपतं. ठेवायचा की काढायचा, ते त्या सकाळी ठरतं. आखाजी जवळ आली तेव्हा घरात बोलणं सुरू झालं, की बाईचा हात जन्माचा गेला, असा गाडीवान ठेवायचा कशाला? सखारामच्या कानावर गेलं. तो मागच्या दाराशी आला. तंबाखू नव्हती तोंडात.

"बाई, म्या एका दिसापुरतं म्हनलो होतो. आता सांगून टाका."

मी चुलीतलं लाकूड पुढे सारलं.

"तुमचं दुखनं खरं हाये, बाई. म्या पाह्यलं. पन माही गाडी कलंडली नाई."

"पाहते मी," मी म्हणाले.

त्याचा चेहरा एकदम मोकळा झाला. "तुमी पाहते म्हनल्यावर काम झालंच. गावाले माहीत हाये ते."

आखाजीच्या सकाळी मी आत आंबे पिळत होते. ओसरीवर यजमान त्याला म्हणाले, यंदा दुसरीकडं पाह्य. तो म्हणाला, "मालक, गाडी कलंडलीच नोती." "मंग त्या दिवशी तूच काय म्हनला होता बे?" सखारामचीच भलाई त्याच्या आड आली. मग यजमानांनी आत आवाज दिला. "ऐकलं का वं? काय म्हनते हा?"

मी मुठीतली कोय पातेल्यात टाकली. हात पदराला पुसला.

मी आतूनच म्हणाले, "जाऊ द्या आता. झालं ते झालं."

झालं ते झालं! खोटंही नाही आणि खरंही नाही. वर ऐकणाऱ्याला वाटावं की बाई किती मोठ्या मनाची. आणि वाटलंच. संध्याकाळपर्यंत गावभर तेच झालं — जन्माचा हात गेला, पण बाई त्याच्याविरुद्ध एक शब्द बोलली नाही.

त्याच्या दमणीत नंतर कोणी बाईमाणूस बसेना. गाडीवान म्हणून त्याला कोणी ठेवीना. पाऊस पडायच्या आधीच बायको आणि मुलीला घेऊन तो दुसरबीडला मेहुण्याकडे गेला. तिथे सडकेच्या कामावर खडी फोडतो, असं ऐकलं. ज्याचा हात बैलांच्या पाठीवर असायचा, त्याच्या हातात घण.

लेकराला हाय लागेल म्हणून मी गप्प बसले — हे कारण मी स्वतःला किती वर्षं देत आले. पण ते टिकत नाही. 'गाडी कलंडली नाही, उतरताना माझाच पाय घसरला' — एवढंच म्हणायचं होतं. वसंता सुरक्षित राहिला असता, माझं गुपितही राहिलं असतं, सखारामचं सालही. गावातली सगळी अडलेली कामं मार्गी लावणाऱ्या मला हे वाक्य सुचलं नसेल? सुचलं होतं. आंबे पिळताना ते माझ्या जिभेवर होतं.

मग का नाही म्हणाले?

मला पोटात राग होता. सासूबाईंवर रागावता येत नव्हतं, यजमानांवर नाही, जाऊबाईंवर तर मुळीच नाही — त्यांच्या ओटीत माझं मूल होतं. स्वतःवर रागावण्याचं मला सुचलं नाही. माझं मूल ज्या गाडीतून गेलं, ती गाडी सखारामने हाकली होती. आणि नाल्यावर मला त्या अवस्थेत पाहणारं माणूस तेवढं एकच होतं. तो रोज अंगणात यायचा, बैल सोडायचा, आणि त्याला सगळं माहीत असायचं. मला तो गावात नको होता. कोणाला तरी शिक्षा व्हायला हवी होती — जो उलटून बोलू शकणार नाही अशा कोणाला तरी. त्याने माझ्यावर दया केली होती. त्या दयेचाच मला सगळ्यात जास्त राग होता.

ही ती गोष्ट. सांगून झाली तरी हलकं वाटत नाही.

गेल्या दिवाळीला जाऊबाई माझी वेणी घालत होत्या. आल्या की त्याच घालतात. हात फार मऊ आहे त्यांचा. वसंता समोर बसला होता. आता शाळेत जातो, मला मोठी आई म्हणतो. म्हणाला, "मोठी आई, गाडी कशी कलंडली ते सांग ना." मी सांगितली. चाक, दगड, बैल — सगळं. तो डोळे मोठे करून ऐकत होता. मग म्हणाला, "मले भेटला तं म्या दगड मारीन त्या सखारामले." जाऊबाई हसल्या. "माया हाये हो तुमची, जाऊबाई, पोराले." मी मान हलवू शकले नाही, केस त्यांच्या हातात होते.

त्यानंतर महिन्याभराने सिंदखेडराजाला एका लग्नाला गेले. एस.टी. दुसरबीडला थांबली. सडकेच्या कडेला खडीचा ढीग, त्याच्याशेजारी तो. केस पांढरे झालेले. त्याने मान वर केली आणि खिडकीत मला ओळखलं. रागाने बघितलं असतं तर बरं झालं असतं. त्याने कपाळाला हात लावला, रामराम केला, आणि माझ्या डाव्या खांद्याकडे बोट करून हातानेच विचारलं — बरं हाये का?

मी पदर पुढे ओढला. गाडी सुटली.

आता काय करायचं, ते मला माहीत आहे. आधी ओसरीवर यजमान आणि सासूबाईंसमोर म्हणायचं की गाडी कलंडली नव्हती. मग वसंताला सांगायचं. मग दुसरबीडला उतरायचं, आणि हेच चारचौघांत त्याच्यासमोर म्हणायचं. कधी वाटतं, बोलले तर कदाचित हात सुटेल — आणि लगेच शरम वाटते, की तिथेही मी स्वतःच्या औषधासाठीच निघाले आहे. पण न जाण्यासाठी हेही एक निमित्तच, नाही का?

सासूबाई आता ओसरीवरच आहेत, गहू निवडत. यजमान शेतातून यायचे आहेत. मी अजून उठलेले नाही.