मनासारखं पाणी

दाजीबामामा पहिल्यांदा आमच्याकडे आले तेव्हा मी त्यांच्यावर ओरडले होते. सांगलीत, विश्रामबागेतल्या एका लहानशा प्रयोगशाळेत मी माती तपासते. शेतकरी पिशवीतून नमुना आणतात, मी नाव-गाव लिहून घेते आणि चिठ्ठी लावते. त्या दिवशी मान खाली घालून लिहीत होते, तेवढ्यात समोरच्या साठीच्या गृहस्थांनी स्वतःच्या पिशवीतली चिमूटभर माती काढून जिभेवर ठेवली. मी म्हटलं, "अहो, काय करताय हे? खत-औषध मारलेली माती ती." त्यांनी सावकाश चव घेतली, बाहेर जाऊन थुंकून आले आणि म्हणाले, "गेल्या साली यापरास बरी हुती."

मला असल्या जाणतेपणाची चीड आहे. मी मूळची वाईची. घाटावर बसून नुसतं तोंड बघून दुखणं सांगणारी माणसं लहानपणापासून पुष्कळ पाहिलीत. यांची खोड मोडावी म्हणून मी पाच पिशव्यांतली माती पाच कागदांवर काढली आणि कमी खारट ते जास्त खारट अशी रांग लावायला सांगितली. मघाचं औषधाचं माझं मीच विसरले. मामांनी रांग लावली, चूळ भरली आणि बाकावर बसून राहिले. दुपारी मीटरवर आकडे आले, तर तीच रांग. आठ दिवस मी घरात सगळ्यांवर विनाकारण डाफरत होते.

मामा कृष्णाकाठच्या एका गावात पाटकरी होते. गावाची पाणीपुरवठा संस्था आहे. नदीवरच्या मोटारी पाणी वर चढवतात आणि पाटकरी व्हॉल्व्ह फिरवून ते पाळीप्रमाणे एकेकाच्या उसाला सोडतो. व्हॉल्व्ह फिरवायची चावी तीस वर्षं मामांच्या खांद्यावर होती, चांगली हातभर लांब, लोखंडी. त्यांच्या पायाच्या बोटांमधली कातडी कायम भिजून पांढरी पडलेली असे. त्यांची एक पद्धत होती आणि तिचा त्यांना फार अभिमान होता. पाळीची वेळ संपली तरी ते लगेच व्हॉल्व्ह बंद करत नसत. बांधावरच्या माणसाला विचारायचे, "झालं का मनासारखं?" तो "व्हय" म्हणाला की मगच चावी फिरवायची. आणि पाणी फुकट येत असताना "व्हय" म्हणायची घाई कुणाला असते? पंचक्रोशीत त्यांच्यासारखा पाटकरी नाही, असं लोक म्हणायचे. पुढे पुढे ही पद्धत सांगताना मामांचा आवाज खाली यायला लागला.

आमच्या भिंतीवर एक तक्ता लावलाय. कोरडी भेगाळलेली जमीन, एक रिकामी घागर आणि वर मोठ्या अक्षरांत, 'पाणी संपत चालले आहे.' मामा दुसऱ्या वर्षी आले तेव्हा त्यांनी तो बोट फिरवत वाचला. "ह्ये कुठलं वो ताई?"

"सगळ्या जगाचंच म्हणतात, मामा. पाणी संपणार, तेल संपणार, सगळंच एक दिवस संपणार."

"आसंल. आमच्यात उलटं झालंय. पानी संपंना म्हनून माती संपली."

मी हसले. त्यांचं रान बघितलं नव्हतं, म्हणून हसता आलं.

त्याच हिवाळ्यात गावातले नमुने घ्यायला गेले तेव्हा त्यांनी ते दाखवलं. गावाच्या सगळ्यात सखल भागात, ओढ्याला लागून दीड एकर. वरच्या अंगाला नजर पोचेल तिथवर हिरवागार ऊस आणि खाली हा पांढरा तुकडा. जमिनीवर मीठ फुटलं होतं. चालताना पायाखाली करकर वाजे आणि दोन पावलांनंतर चप्पल चिखलात रुतायची. वेडी बाभूळ आणि लव्हाळा, दुसरं काही नाही. मामांनी खुरप्याने वीतभर उकरलं, तसं खड्ड्यात पाणी गोळा झालं. "ह्या रानाला चार वर्सं झाली, थेंब दिला न्हाई मी," ते म्हणाले. "ह्ये समदं वरनं पाझरून आल्यालं."

त्यांची बायको, शालनमामी, बांधावर उभी होती. ती माझ्याकडे बघत म्हणाली, "समद्या गावाची तहान भागिवली ह्यांनी, आन् आमची भाकरी पान्यात घातली."

परत येताना मी शहाण्यासारखं विचारलं, नोकरी सोडून का देत नाही? माझा मलाच राग यावा असा प्रश्न होता तो. रान पिकत नव्हतं, म्हणून घर पाटकीच्या पगारावर चालायचं. आणि पाटकीचं काम म्हणजे रोज सकाळी वर जाऊन आपलंच रान बुडवणारं पाणी आपल्याच हाताने सोडायचं. "सोडली तर दुसरा यील," मामा म्हणाले. "त्यो तर बंदच करायचा न्हाई. मी निदान बगून करतोय."

हे 'बगून करतोय' म्हणजे काय, ते मला संस्थेच्या बैठकीत कळलं. मामांनी आग्रहाने बोलावलं होतं, की मशिनचे आकडे बाईंनी सांगितले तर लोक ऐकतील. संस्थेच्या पत्र्याच्या खोलीत वीस-पंचवीस खातेदार बसले होते. अध्यक्ष रंगरावआबा, मामांचे सख्खे चुलतभाऊ. वरच्या उसातला मोठा तुकडा त्यांचाच. मी आकडे वाचले. पाणी कमी केलं नाही तर मीठ एकेक रान धरत वर चढत जाईल, असं स्पष्ट सांगितलं. सगळ्यांनी माना डोलावल्या. चहा आला. मग आबा म्हणाले, "बाईंचं पटतंय. दाजीचंबी पटतंय. पर पैलं कमी कुनी करायचं?"

एकाने कमी केलं तर शेजारच्याचं पाझरून येणारच, मग आपलाच ऊस का वाळवायचा? हा हिशेब प्रत्येकाच्या तोंडावर दिसत होता आणि खरं सांगायचं तर त्यात चूक काही नव्हती. तेवढ्यात मागून एक जण उठला. "पाटकरी लवकर बंद करतोय, त्येचं काय? पंधरा दिस बगतोय मी. आर्धा तास मारतोय आमचा."

मामांनी नाकारलं नाही. "वाफं भरत्यात तेवड्यात," एवढंच म्हणाले. खोलीत एकदम गलका झाला. तीस वर्षं ज्यांना त्यांनी मागतील तितकं दिलं होतं, तीच माणसं त्यांना पाणीचोर म्हणत होती. आबांनी सगळ्यांना गप्प केलं आणि मामांना चावी टेबलावर ठेवायला सांगितली. मामांनी ठेवली. "ठरल्याला येळ पुरा देनार असशील तर उचल, दाजी." मामा थोडा वेळ चावीकडे बघत राहिले. मग उचलली. मी समोर बसून होते आणि मला तिथून उठून जावंसं वाटत होतं.

पुढची दोन वर्षं मीठ कुणाची बैठक न भरवता वर चढलं. आबांच्या खालच्या तुकड्यातला ऊस पिवळा पडला, तेव्हा मात्र हालचाल सुरू झाली. जमिनीखाली छिद्रांचे पाईप पुरून खारट पाणी बाहेर काढायची योजना आली. हेच तर मामा कधीपासून मागत होते. त्यांनी मला फोन केला तेव्हा आवाजात हसू होतं. "ताई, आलं बगा एकदाचं डोस्क्यात सगळ्यांच्या."

आठवड्याने ते स्वतः आले. हातात योजनेचा नकाशा होता, तो त्यांनी माझ्या टेबलावर पसरला. त्या वेळी त्यांनी नमुना आणला नव्हता. गाळ साठून ओढ्याचा तळ उंच झालाय, म्हणून पाईपचं पाणी आपोआप ओढ्यात पडणार नव्हतं. ते आधी सगळ्यात सखल जागी मोठ्या खड्ड्यात गोळा करायचं आणि तिथून मोटारीने ओढ्यात टाकायचं, अशी आखणी होती. सखल जागेभोवती लाल पेन्सिलीने चौकोन काढला होता. मी गट नंबर वाचला. गेली काही वर्षं दर साली मीच तो पिशवीवर लिहीत होते.

"आख्खं जातंय?" मी विचारलं.

"आख्खं. खड्डा, भराव, मोटारीची खोली. आबा म्हनला, संस्था तुला वाऱ्यावर सोडायची न्हाई. मोटार चालू-बंद करायचं काम माज्याकडंच देनार हायती." त्यांनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. "खोटं न बोलता सांगा. दुसरीकडनं न्हाई का निघायचं पानी?"

मी नकाशा बघितला. उतारांचे आकडे दोनदा तपासले. कुठेतरी चूक निघावी अशी त्या दिवशी माझी फार इच्छा होती. निघाली नाही. गावाची दोनशे एकर जमीन वाचायची तर वाट मामांच्या दीड एकरातूनच होती, आणि तो तुकडा निचऱ्याने सुधारेल ही त्यांची सगळी आशा त्याच वाटेत गाडली जाणार होती. मी म्हटलं, "नाही मामा. इथूनच."

"मग संमतीच्या कागदावर सही करू म्हंता?"

हा प्रश्न त्यांनी मला विचारायला नको होता. मला नोकरी आहे, फ्लॅट आहे, गच्चीवरची टाकी भरून वाहिली तर मोटार बंद करायलाही मी आळस करते. तरी मी "करा" म्हणाले. दुसरं काही म्हणणं खोटं झालं असतं.

ते म्हणाले, "पानी तर मीच सोडल्यालं हाय. माज्याच रानात यिऊन बसलं, तर तक्रार कुनाकडं करू?" टोपी घातली, नकाशाची नीट घडी केली आणि गेले.

योजना झाली. दोन पावसाळ्यांनंतर आबांचा ऊस पुन्हा हिरवा झाला, आणखी कितीतरी जणांचा झाला. त्यांचे नमुने माझ्याकडे येतात, आकडे खाली आलेत. निचरा चांगला होतोय म्हटल्यावर गावाने पाळ्या वाढवून घेतल्या. मामा सकाळी वर जाऊन पाणी सोडतात आणि दुपारी खाली येऊन तेच पाणी मोटारीने ओढ्यात काढतात.

गेल्या महिन्यात त्यांना फोन केला आणि या वर्षी आला नाहीत म्हणून रागावले. मामा समजूत घालावी तसं म्हणाले, "काय घिऊन यिऊ ताई? पानी तुमी तपासत न्हाई, आन् माती आता न्हाई."