अठ्ठाविसाचा फ्रॉक

अक्कलकोटच्या पलीकडं, कर्नाटकात माझं गाव. तिथून येऊन सोलापुरात शाळेचे गणवेश शिवायच्या कारखान्यात मी तीन वर्षं काढली. राहायचं कारखान्याच्याच माळ्यावर. जिन्याला कुलूप, आमची आधार कार्डं आणि मोबाइल मालकाच्या कपाटात. गावी जाते म्हटलं की तो म्हणायचा, "शाळा सुरू होऊ दे, मग जा की." शाळा सुरू झाल्या, सुट्ट्या लागल्या, परत सुरू झाल्या. त्याचं 'मग' काही आलं नाही.

लेक गावी बहिणीपाशी होती. मी निघाले तेव्हा तिला बाविसाचा फ्रॉक बसायचा. दर जूनला मी मनातल्या मनात तिला दोन नंबर वाढवायची. चोविसाचा, मग सव्विसाचा गठ्ठा मशीनवर आला की एक फ्रॉक उभा धरायची आणि तिचं डोकं आता कुठवर येत असेल ते बघायची. रोज नव्यानं बघायची.

शेवटी बहिणीचा नवरा पोलिसांना घेऊन आला तेव्हा आमची सुटका झाली. निघताना अठ्ठाविसाचा एक फ्रॉक मी पिशवीत घातला. चोरला म्हणा, खुशाल म्हणा.

घरी पोचल्या पोचल्या लेकीला तो घातला. खांदे कोपरापर्यंत घसरले. तिला चोविसाचाही सैल झाला असता.

"अव्वा, हा कुणाचा?" तिनं विचारलं.

ते नंबर पोटभर जेवणाऱ्या पोरींचे असतात, हे तीन वर्षं शिवूनही माझ्या ध्यानात आलं नव्हतं.