न चाळलेली माती

नदीवर धरण येऊ घातलंय, म्हणून पाण्याखाली जाणाऱ्या जुन्या वस्तूंची यादी करायला मी त्या गावात गेलो होतो. देऊळ लिहिलं, दोन वीरगळ लिहिले. गावालगतचं पांढऱ्या मातीचं टेकाड तेवढं राहिलं. त्याच्या पोटात हजारो वर्षांपूर्वीची वस्ती आहे. पण यादीत रकाना होता तो दगडांचा, मातीला रकानाच नव्हता.

टेकाडावर गावातल्या कोंडाबाई पाटीत माती भरत होत्या. नव्या जागी घर बांधताना जुन्या पांढरीची पाटीभर माती पायाभरणीत घालायची, ही इथली रीत. एरवी भिंत लिंपायला ही माती चाळून घेतात आणि खापऱ्या वेचून फेकून देतात. आज त्यांच्याजवळ चाळणी नव्हती.

"मावशी, खापऱ्या राहिल्यात की!" मी म्हणालो.

"राहू द्या. कुणाच्या तरी चुलीवरच्याच हायेत त्या. आपण उठून जायचं अन् त्यांना बुडायला मागं ठेवायचं व्हय?"

काळी पोट भरते, पांढरी घर देते, हे मी लहानपणापासून ऐकलंय. घर देणारीला सोबत न्यायचं असतं, हे कुणी सांगितलं नव्हतं.

मी यादी खिशात घातली आणि पाटीला हात लावला.