कापलेली चावी

"वेळ झाली की सोडायचं, अडवून धरायचं नाही." आमच्या शेजारचा चावीवाला हे उठता-बसता म्हणायचा. रस्त्याखालचे नळ उघडून लोकांना पाणी सोडण्यात त्याचा जन्म गेला होता. खांद्यावर लांब लोखंडी चावी टाकून तो निघायचा, रस्त्यातलं झाकण उचलायचा, चावी खाली बसवायचा आणि अंगाचा सगळा भार देऊन फिरवायचा. जमिनीखालून पाणी धावू लागलं की तळपायाला कळतं, असं तो सांगे. आम्ही मुद्दाम अनवाणी उभं राहून पाहिलं. आम्हाला काही कळलं नाही.

तो पाणीखात्यातून निवृत्त झाला. हार झाला, चहा झाला, आणि पेन्शन-ग्रॅच्युइटी दोन्ही अडकली. चावी जमा केल्याशिवाय दाखला नाही, दाखल्याशिवाय पैसा नाही. त्यानं चावी नेली. भांडारातल्या कारकुनानं ती उलटसुलट करून पाहिली.

"दादा, हिच्यावर खात्याचा ठसा कुठंय? ही खात्याचीच कशावरून?"

ठसा नव्हताच. खात्याची चावी सगळ्यांना एकाच मापाची मिळते. ठेंगण्या माणसाला तिला लोंबकळावं लागतं. म्हणून चावीवाले कामाला लागले की आधी लोहार गाठतात आणि ती आपल्या छातीच्या मापानं कापून, मूठ पुन्हा जोडून घेतात. हा तर सगळ्यात ठेंगणा. कापलेल्या तुकड्याबरोबर ठसाही गेला, ते तेव्हा कुणाच्या ध्यानातही आलं नाही.

मग अर्जावर अर्ज झाले. इकडे बायकोच्या डोळ्यांचं ऑपरेशन पैशावाचून लांबत गेलं. शेवटी साहेबांनी एक कागद पुढे केला. त्यावर लिहिलं होतं, 'चावी माझ्याकडून हरवली, आणि मला व्याज नको.' एवढी सही केली की आठवड्यात पैसे.

कागद घेऊन तो घरी आला. "करून टाकतो सही. तुझ्या डोळ्यांपुढं चावीचं काय एवढं?"

"सगळा संसार ती सवत माझ्या दारामागं उभी होती," बायको म्हणाली. "हरवली कधी? उद्या लोक म्हणतील, म्हाताऱ्यानं खात्याचं लोखंड विकलं."

"अगं, पण डोळे?"

"डोळे माझे आहेत ना? मग माझं मी बघीन. तुम्ही आधी वकील बघा."

वकीलबाईंनी सगळे अर्ज वाचले आणि पेन्सिल उचलली. "काका, हे 'कृपा करून' आधी खोडा. ही खात्यानं दिलेली बक्षिसी नाही, तुमच्या नोकरीची कमाई आहे. चौकशी न करता, नुसत्या संशयावर ती रोखता येत नाही. आधी नोटीस पाठवू. उत्तर आलं नाही तर कोर्टात जाऊ, आणि उशिराचं व्याजही मागू."

"व्याज मागणं बरं दिसेल का?"

"अडवून कुणी धरलंय, काका?"



नोटिशीला उत्तर आलं नाही. कोर्टात तारखा पडत राहिल्या. एका तारखेला, अजून नोकरीत असलेले चावीवाले आपापल्या चाव्या घेऊन साक्षीला आले. साहेबांची नाराजी पत्करून आले.

"लढाई आहे की काय?" दारावरचा शिपाई म्हणाला.

चाव्या भिंतीला टेकवून ठेवल्या. एक उंच, एक बुटकी, एकीला दुसरीचं माप नाही. आणि ठसा एकीवरही नाही. न्यायाधीशांनी एकेक चावी जवळ आणवून पाहिली.

निकाल लागला. रोखलेली रक्कम व्याजासकट द्यावी, चावी आहे तशी जमा करून घ्यावी. पैसे हातात आले, ऑपरेशन झालं. पण तोवर एक डोळा गेला होता. "आधी यायला हवं होतं," डॉक्टर म्हणाले.

चावी जमा करायला दोघं मिळून गेली. कारकुनानं पावती दिली. "दादा, माझा राग नाही ना?" त्यानं मान हलवली, चावीच्या मुठीवरून एकदा हात फिरवला आणि बाहेर आला.

"तू बस इथं सावलीला. मी रिक्षा बघून येतो."

फाटकाजवळच्या बाकावर बायको बसली. तो निघाला. खांद्यावर काही नव्हतं, तरी तो खांदा उचललेलाच होता. थोडं पुढं झाकणापाशी तो थांबला. चप्पल काढली, झाकणावर पाय ठेवून उभा राहिला. मग चप्पल घालून पुढं चालू लागला. तो वळणाआड जाईपर्यंत ती बघत होती, उरलेल्या डोळ्यानं.