टेबलावरचा भात

अमेरिकेतल्या एका विद्यापीठात मी आयुष्यभर रशियाचा इतिहास शिकवला. तिथले जुने उमराव घरात फ्रेंच बोलत, आणि त्यांच्या मुलांना रशियन यायची ती सांभाळणाऱ्या बायांकडून, हे मी रंगवून सांगायचो. वर्ग हसायचा.

आमच्या मुलाला मराठी का येत नाही, असं कुणी विचारलं की मी शाळेला दोष देत आलो. ते खोटं आहे. तो चार वर्षांचा असताना मीच नियम केला होता, की मराठीत मागितलेलं वाढायचं नाही. "आई, भात," म्हणून तो ताट पुढे करायचा आणि मी हिचा हात धरायचो.

"अहो, भूक लागलीय त्याला."

"इंग्लिशमध्ये मागू दे."

ओट्याशी ती त्याच्याशी हळूच मराठी बोलायची. मी तेही बंद केलं. रशियातल्या त्या बाया निदान बोलत तरी राहिल्या.

गेल्या वर्षी पक्षाघाताने हिचं इंग्रजी पुसून टाकलं. मुलगा तो राहतो त्या शुगर लँड शहरातून आला. त्याचा हात धरून ती विचारत होती, "तेव्हा भात वाढला नाही म्हणून रागावलायस का रे माझ्यावर?"

"बाबा, व्हॉट इज शी सेइंग?"

मला खरं सांगवेना. तू जेवलास का म्हणून विचारतेय, असं मी इंग्रजीत सांगितलं. त्याने हसून होकारार्थी मान हलवली. हिने हात सोडला आणि भिंतीकडे तोंड केलं. दोन दिवसांनी ती गेली.

हे मी मराठीत लिहिलं आहे. त्याला ते वाचता येणार नाही.