साडूंनी चढवलेलं पाणी

समोरच्याला विज्ञान कळेपर्यंत त्याला जेवू न देणारा माणूस उभ्या दौंडात एकच, आमचे थोरले साडू. रेल्वेतून सिग्नल मेकॅनिक म्हणून निवृत्त झाले आणि त्यांनी इथल्या केबल वाहिनीवर रविवारी अर्ध्या तासाचा विज्ञानाचा कार्यक्रम सुरू केला. कॅमेरा माझ्या खांद्यावर. वाफेची ताकद दाखवण्यात मेहुणीबाईंचा कुकर गेला, भिंगाच्या प्रयोगात त्यांचा पदर जळाला. एका लग्नात तर साडूंनी भर मांडवात नवरदेवाला अडवलं. "फेटा डोक्यावर टिकतो कशामुळं?"

"मामानं घट्ट बांधलाय म्हणून," नवरदेव घाबरून म्हणाला.

"घर्षणामुळं!" साडू गरजले. मुहूर्त टळता टळता राहिला.

शेवटी केबलवाला म्हणाला, "मामा, कोण बघतंय हे? पुढच्या रविवारी एकदा करा, मग बंद."

साडू दोन दिवस प्रयोगांचं सामान पेटीत भरत बसले. तिसऱ्या दिवशी शिरूरकडच्या एका बाईंचा फोन आला. त्या कार्यक्रम न चुकता बघायच्या. मोटार जळालेली, वरच्या अंगाला शेततळं भरलेलं आणि खाली झेंडू माना टाकतोय. "मोटारीबिगर पाणी बांध चढंल का वो?"

"चढंल की! टीव्हीवर चढवतो!"

रविवारी थेट प्रक्षेपण. साडूंनी पाइप पाण्यानं भरून बूच मारलं, एक तोंड तळ्यात बुडवलं, दुसरं बांधावरून खाली झेंडूत नेलं आणि बूच काढलं. गुळणीभर पाणी आलं, थांबलं. पुन्हा भरला, पुन्हा तेच. साडूंचा चेहरा उतरला. मी कॅमेरा आभाळाकडे वळवणार, तेवढ्यात बाई ओरडल्या, "आवं मामा, जॉइंटातनं हवा शिरतीया! तुमीच न्हाई का सांगितलं, हवा शिरली की धार तुटती?" त्यांनी सायकलच्या ट्यूबची पट्टी आवळून बांधली. पाइप पुन्हा भरला, बूच निघालं, आणि पाणी जे बांध ओलांडून धो धो आलं ते थांबेचना. साडू चिखलात नाचले. बाई नाचल्या. मीही नाचलो, प्रेक्षकांना पाच मिनिटं नुसते पाय दिसले. तरी केबलवाल्याचा फोन दिवसभर वाजत राहिला. कार्यक्रम अजून चालू आहे.

परतताना जीपमध्ये साडू मागं वळून बांधाकडे बघत होते. मग म्हणाले, "आई डोक्यावर पाणी आणायची. एकदा म्हणाली, 'तू एवढं शिकतोस, पाणी आपलं आपण वर येईल असं काही असतं का रे?' मला सांगता आलं नव्हतं."

त्यांनी हातावरचा वाळलेला चिखल तसाच राहू दिला.