उजव्या हाताचा जिना

चौतीस वर्षं ती इतरांसाठी चालली. चित्रपटाचं चित्रण संपलं, संवाद नव्यानं ध्वनिमुद्रित झाले, की पात्रांच्या पावलांचे आवाज तेवढे उरत. ते काढण्यासाठी स्टुडिओच्या तळघरातल्या एका बंद खोलीत तिला बोलावलं जाई. त्या खोलीच्या जमिनीत चौकोनी खळगे केलेले होते. एकात वाळू, एकात फरशी, एकात लाकडी फळ्या, एकात वाळलेली पानं. समोर पडदा आणि शेजारी पादत्राणांनी फुगलेलं पोतं. पडद्यावर राणी चालली की ही चाले, पोलीस धावला की ही जागच्या जागी धावे, आणि कुणी बर्फातून निघालं तर ही मक्याच्या पिठाची पिशवी मुठीत दाबत बसे. एका चित्रपटात नायक, खलनायक आणि खलनायकाचा घोडा, असे तिघेही तीच होती. या उद्योगात तिचं खरं नाव कधी मागं पडलं ते तिलाही सांगता येत नाही. सगळ्यांसाठी ती पाऊलबाई झाली आणि तशीच राहिली.

पुढं संगणकात हवी ती पावलं आयती मिळू लागली. खोलीला कुलूप लागलं. पोतं घरी आलं. चालणं हीच ज्या बाईची विद्या, ती घरात बसून काय करणार? सहा महिने तिनं लेकीच्या संसारात लुडबूड करून पाहिली. सातव्या महिन्यात लेकीनंच तिला हात धरून बाहेर काढलं. "आई, तुला या शहरातली प्रत्येक फरशी माहीत आहे. लोकांना दाखव. नावं मी लिहून घेईन, तू फक्त चाल आणि बोल."

अशी ती पायी सफर सुरू झाली. दर शनिवारी आणि रविवारी सकाळी, अडीच तास, आठ थांबे. ध्वनिमुद्रण स्टुडिओचं मागचं दार, जिथून वादक आत जात कारण पुढचं दार गायकांसाठी राखीव असे; जुनं चित्रपटगृह, ज्यात आता सोफे आणि कपाटं विकली जातात; पियानो दुरुस्त करणाऱ्याचं दुकान; आणि सहावा थांबा म्हणजे जिना. प्रत्येक ठिकाणी ती लोकांना डोळे मिटायला लावी आणि पिशवीतून एखादा जोडा काढून फरशीवर त्या जागेची पावलं वाजवून दाखवी. मोठी माणसं लहान मुलांसारखी डोळे मिटून उभी राहत, आणि शेजारून जाणारे सायकलवाले त्यांच्याकडे पाहून खांबावर आदळता आदळता वाचत.

जिन्याचा थांबा सगळ्यांत लोकप्रिय होता. एका जुन्या चित्रपटातलं एक गाणं त्या जिन्यावर चित्रित झालं होतं. गाणं अजून लोकांच्या ओठांवर आहे. चित्रपटाची मात्र एकही प्रत उरलेली नाही. उरलं आहे ते एकच छायाचित्र: गल्लीच्या टोकाला पाण्याची टाकी, उजव्या हाताला जिना, तिसऱ्या पायरीवर नायक, आणि पायथ्याशी उभा असलेला व्हायोलिनवादक. या छायाचित्रावरून पाऊलबाईनं अकरा वर्षांपूर्वी ती गल्ली आणि तो जिना शोधून काढला होता. जिन्याच्या वर एक शिंपी राहत होता, खाली त्याचं दुकान. त्यानं छायाचित्राची एक प्रत चौकटीत बसवून दारात लावली होती.

आता कुणी विचारेल, त्या चित्रपटाची पावलं तर हिनंच दिली होती, मग तिला आठवू नये? होय, तिनंच दिली होती. पण पडद्यावर तिनं आयुष्यभर फक्त पाय पाहिले. त्या गाण्यातल्या नायकाचा चेहरा तिला नंतर जाहिरातींवर दिसला. पायऱ्यांचं मात्र तिला पक्कं आठवत होतं: वळणापर्यंत सतरा. शिंप्याच्या जिन्याला चौदाच होत्या. वरच्या तीन पायऱ्या संकलकानं वाढवल्या, असं तिनं स्वतःला समजावलं होतं. संकलक मंडळी एका पायरीवरून माणसाला दोनदा चढवतात, हे तिला धंद्यातून माहीत होतं. अर्धवट माहिती ही अशी नेमक्या वेळी मदतीला धावून येते.

त्या वर्षी नगरपालिकेनं शहरातल्या दहा कलास्थळांवर दगडी फलक बसवायचं ठरवलं. जिना त्यांत होता. बुधवारी सकाळी दहाला फलक लागायचा होता, आणि त्याआधी 'ही माहिती खरी असल्याची मी ग्वाही देते' या ओळीखाली पाऊलबाईची सही हवी होती. कागद तिच्या पिशवीत घडी घालून ठेवला होता. चौतीस वर्षांत एकाही चित्रपटाच्या श्रेयनामावलीत जिचं नाव आलं नव्हतं, तिचं नाव फलकाच्या तळाशी बारीक अक्षरांत का होईना, येणार होतं. ती सहीची कशी जय्यत तयारी करत होती, हे लेकीला विचारावं.

आदल्या रविवारी सफरीत साठीच्या एक बाई होत्या. जिन्यापाशी आल्यावर त्यांनी चौकटीतल्या व्हायोलिनवादकावर बोट ठेवलं.

"हे माझे बाबा."

लोक टाळ्या वाजवणार, एवढ्यात त्या बाई आणखी पुढं वाकल्या. "पण बाबांच्या डाव्या हातात व्हायोलिनचा गज कसा?"

"डावखुरे असतील," मागून कुणीतरी म्हणालं.

"कोण, बाबा? डाव्या हातानं त्यांना साधं कुलूप उघडता यायचं नाही. गज जन्मभर उजव्याच हातात."

पाऊलबाईनं छायाचित्राकडं पाहिलं. अकरा वर्षांत पहिल्यांदाच तिनं त्यातले हात पाहिले. प्रयोगशाळेत छापताना निगेटिव्ह पालथं पडलं, की सगळं चित्र आरशातल्यासारखं फिरतं. हात फिरले असतील, तर जिनाही फिरला. टाकी समोर धरली तर तो उजवीकडं नव्हे, डावीकडं. ती सावकाश मागं वळली. समोर, त्याच घडणीच्या जुळ्या घराला तसाच कमानदार जिना होता, आणि त्याच्या वर दातांच्या डॉक्टरांची पाटी. त्याच क्षणी वरची खिडकी उघडली.

"हळू बोला हो! इथं माणसाच्या तोंडात यंत्र चालू आहे!"

गेली अकरा वर्षं दर शनिवारी-रविवारी ही खिडकी अशीच उघडत आली होती.

त्या दिवशी उरलेले दोन थांबे तिनं कसे उरकले ते तिचं तिलाच ठाऊक. घरी आल्यावर तिनं लेकीला सगळं सांगितलं.

"कुणाच्या हातात काय आहे, हे कोण बघत बसणार आहे?" लेक म्हणाली. "सही कर आणि मोकळी हो."

"मला आता त्या फोटोत फक्त तो हात दिसतो."

"आई, चौतीस वर्षं पिठाला बर्फ म्हणालीस. तेव्हा नाही वाटलं काही?"

"तिथं माणूस फसायलाच तिकीट काढून यायचा. मी नीट फसवलं नसतं तर भांडला असता. इथं तो भर उन्हात खरं बघायला येतो, पोरी."

लेकीनं कागद उचलून वर्तमानपत्राखाली ठेवला, म्हणजे आईला तो सारखा दिसू नये.

खरी पंचाईत शिंप्याची होती. अकरा वर्षं तो माणूस दारात उभा राहून लोकांना जिना दाखवत होता, वर्षाआड कठड्याला रंग देत होता. त्याच्या हातचा मान कसा काढून घ्यायचा? सोमवारी सकाळी ती दुकानात गेली, तेव्हा तो एका कोटाची बाही उसवत होता आणि त्याची बायको काज करत होती.

"मास्तर, एक वाईट बातमी आहे. तो फोटो उलटा छापलाय."

शिंप्यानं हात थांबवला नाही. "हो."

"हो म्हणजे?"

"नायकाच्या शर्टाची बटणं बघा. बायकांच्या बाजूनं लागलीत. पुरुषाचा शर्ट कुणी असा शिवत नाही. चौकटीत बसवायला घेतला त्या दिवशीच कळलं."

"आणि अकरा वर्षं तुम्ही गप्प?"

"पहिल्या वर्षी म्हटलं, बाई एवढ्या थाटात सांगतायत, कशाला मोडता घाला. दुसऱ्या वर्षी म्हटलं, आता सांगितलं तर विचारतील की मागच्या वर्षी का नाही सांगितलं. तिसऱ्या वर्षापासून मग..." त्यानं बायकोकडं पाहिलं.

"मीच म्हटलं, तोंड उघडाल तर याद राखा," बायको दोरा तोडत म्हणाली. "इतकी वर्षं या जिन्याशी नुसते उसवलेले कपडे यायचे. हसरी माणसं पहिल्यांदा आली. पण आता दगडावर कोरणार म्हणता, तर ते नको, ताई. शिवलेलं उसवता येतं. कोरलेलं कसं उसवणार?"

मास्तरांनी मान डोलावली, आणि पाऊलबाईच्या छातीवरचं एक ओझं उतरून लगेच दुसरं चढलं: समोरच्या डॉक्टरांची परवानगी. पालिका घरमालकाच्या संमतीशिवाय खिळाही ठोकणार नव्हती, आणि हे घरमालक सफरवाल्यांना दारात उभं करत नव्हते. तेव्हा तिनं दाढ दुखते असं सांगून मंगळवारची वेळ घेतली.

जिना चढताना तिनं टाचेचे बूट घातले होते. गल्ली एका अंगाला कलती असल्यामुळं या बाजूचा जिना जरा खालून सुरू होत होता. ती मोजत चढू लागली. बारा, तेरा, चौदा. चौदाव्या पायरीवर वळण आलं नाही. पंधरा. सोळा. सतराव्या पायरीवर टाच टेकली आणि जिना वळला. दगडाचा आवाज तोच होता, मध्येच जरा पोकळ, वळणावर घुमणारा. हा आवाज तिच्या तळपायांनी बंद खोलीत कितीतरी वेळा काढला होता आणि या जागी तो पहिल्यांदाच ऐकला. ती पुन्हा खाली गेली आणि पुन्हा वर आली. मग तिसऱ्यांदा.

"दाढ दुखणारा माणूस इतक्या वेळा जिना चढत नाही," वरून आवाज आला. डॉक्टर पांढऱ्या डगल्यात कठड्याला टेकून उभे होते. "कुठली दाढ?"

"दाढ नाही, डॉक्टर. जिना." आणि तिनं एका दमात सगळं सांगून टाकलं: हात, बटणं, सतरा पायऱ्या, उद्याचा फलक.

डॉक्टरांनी चष्मा पुसला. "अकरा वर्षं तुमची गोष्ट माझ्या खिडकीतून आत येते. मला ती तोंडपाठ आहे. रोगी तोंड उघडून पडलेला असतो, त्याला बोलता येत नाही, मग मी ऐकत बसतो. एक विचारू? गेल्या वर्षापासून तुम्ही त्यात पाऊस घातलाय. चित्रीकरणाच्या दिवशी म्हणे धो धो पाऊस होता."

पाऊलबाईचे कान तापले. एका सफरीत बोलता बोलता तिनं थोडा शिडकावा केला होता. लोकांना आवडला, म्हणून पुढं त्याची संततधार झाली.

"फोटोत रस्ता कोरडा ठणठणीत आहे," डॉक्टर म्हणाले. "पाऊस काढून टाका, संमती देतो. आणि माणसं समोरच्या बाजूला उभी करा. जिन्यावर एका वेळी एकच."

बुधवारी सकाळी दहाला पालिकेचे अधिकारी आले, तेव्हा पाऊलबाईनं त्यांना सगळं सांगून डॉक्टरांची संमती दाखवली. फलकावर जागा म्हणून 'या जिन्यावर' एवढंच कोरलेलं होतं, त्यामुळं दगडाला बोल लागला नाही. तो फक्त रस्ता ओलांडून पलीकडं गेला. अधिकाऱ्यांनी पाऊलबाईला बाजूला घेतलं. "ताई, जुन्या चुकीचा उल्लेख कशाला? कुणाच्या लक्षातही येणार नाही. तुम्ही दोन शब्द बोला आणि पडदा ओढू."

गर्दी पन्नासेक माणसांची होती. त्यांत निम्मी तिच्या जुन्या सफरीतली. ती अधिकाऱ्यांना हो म्हणाली असती तर तिला कुणी नावं ठेवली नसती. तिनं पिशवीतून कागद काढला, सगळ्यांसमोर सही केली, आणि म्हणाली,

"मी अकरा वर्षं तुम्हाला चुकीचा जिना दाखवला. खरा जिना हा. आणि पाऊस पडला नव्हता."

मग एक म्हातारे गृहस्थ पुढं आले. "अहो, आम्ही दोघं त्या जिन्यावर हातात हात घालून फोटो काढला. पाकिटात बाळगतो मी तो. त्याचं काय?"

"काढा की पुन्हा," त्यांची बायको म्हणाली. "त्या फोटोत तुमचे डोळे मिटलेले आहेत, मी कधीची सांगतेय."

हशा पिकला, आणि मग रांगच लागली. डॉक्टर पायथ्याशी उभे राहून एकेकाला वर सोडत होते आणि प्रत्येकाला, सवयीनं, तोंड उघडून हसायला सांगत होते. शिंप्याच्या बायकोनं आपल्या ओट्यावर खुर्च्या मांडल्या. पाऊलबाईनं एव्हाना हिशेब लावला होता, की गल्ली एवढी अरुंद आहे, तेव्हा कॅमेरा ठेवायला त्या ओट्यावाचून दुसरी जागाच नसणार. पण हे तिनं 'बहुधा' हा शब्द जोडूनच सांगितलं. मास्तरांना बहुधासुद्धा पुरला. व्हायोलिनवादकाच्या लेकीनं पायथ्याशी उभं राहून उजवा हात हवेत वरखाली केला आणि बराच वेळ तशीच उभी राहिली.

पुढच्या शनिवारी सफर पुन्हा निघाली. ही बातमी तोवर सगळीकडं पोहोचली होती, आणि लोक नेहमीपेक्षा जास्त होते. पहिल्याच थांब्यावर, स्टुडिओच्या मागच्या दाराशी, एका मुलीनं हात वर केला. "काकू, हे तरी नक्की ना?"

लेकीचा चेहरा पडला. पाऊलबाईचा मात्र खुलला. गेल्या अकरा वर्षांत तिला कुणीही काहीही विचारलं नव्हतं. सगळे नुसते डोळे मिटून उभे राहिले होते.

"हे नक्की," ती म्हणाली. "या दारातून मी स्वतः आत जायचे. जुनं चित्रपटगृह सत्तर टक्के. पियानोवाल्याचं मी ऐकीव सांगते, तिथं गेल्यावर त्यालाच विचारू. चला, पाय उचला. आणि डोळे उघडे ठेवा."